लिफाफा उघडण्याआधी ठरवा: नाशिकच्या निविदा समित्यांना खुले पत्र

प्रति,
नाशिक शहर व जिल्ह्यातील सर्व सार्वजनिक कार्यालयांच्या निविदा छाननी समित्यांचे सदस्य

महोदय, महोदया,
सादर नमस्कार.

सातपूरच्या औद्योगिक वसाहतीत माझा शाळांची बाकं बनवणारा लहान कारखाना आहे. नानांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, एका वेल्डिंग मशीनवर तो सुरू केला. आज तिथे चौदा माणसं काम करतात. सरकारी निविदा भरण्याचं काम गेली सोळा वर्षं मी स्वतः करते. निविदा उतरवून घेणं, अटी वाचणं, बयाणा म्हणजे निविदेसोबतची अनामत भरणं, कागद स्कॅन करणं, शेवटच्या दिवशी सर्व्हर बसला की रात्री जागणं, सगळं. त्यामुळे आपण काढलेल्या निविदा या शहरात सर्वांत बारकाईने वाचणाऱ्यांपैकी मी एक आहे, एवढं म्हणायचा मला हक्क आहे.

गेल्या पावसाळ्यात आपल्यापैकीच एका कार्यालयाने ६२० बाकांची निविदा काढली. कार्यालयाचं नाव इथे लिहीत नाही. त्यांच्याशी माझा लेखी पत्रव्यवहार वेगळा चालू आहे, आणि हे दुखणं एका कार्यालयाचं नाही. रस्त्याची लहान कामं घेणारे, स्टेशनरी पुरवणारे, सफाईचे ठेके घेणारे, ज्यांच्या ज्यांच्याशी बोलले त्या प्रत्येकाच्या कपाटातून अशी एखादी फाइल निघाली. म्हणून हे पत्र सगळ्यांना.

माझी निविदा पहिल्या लिफाफ्यातच, म्हणजे कागदपत्रं तपासतानाच, बाद झाली. पोर्टलवर कारण एका ओळीचं होतं: ‘पृष्ठ क्र. ४७ वर निविदाधारकाची स्वाक्षरी व शिक्का नाही.’

ते पान मला तोंडपाठ आहे. बाकं कुठे कुठे पोचवायची त्या ३८ ठिकाणांची ती यादी होती. हरसूल, ठाणापाडा, जोगमोडी, बाऱ्हे, बोरगाव आणि त्यांच्या पलीकडच्या वाड्या. बाकांच्या धंद्यात लोखंडाचा भाव सगळ्यांना सारखाच पडतो. दर वरखाली होतो तो वाहतुकीत. म्हणून ते पान फाइलमधून काढून मी टेंपोवाल्या काकांसमोर ठेवलं होतं. प्रत्येक गावापुढे पेन्सिलीने किलोमीटर लिहिले, सावळघाट भरल्या गाडीने चढायचा तर डिझेल किती, कोणत्या गावाचा फरशीपूल पावसात पाण्याखाली जातो आणि मग वळसा किती पडतो, हे सगळं समासात लिहिलं. पेन्सिलीने रंगलेलं पान अपलोड कसं करायचं, म्हणून रात्री त्याची नवी कोरी प्रत काढली आणि फाइलमध्ये घातली. त्या प्रतीवर सही राहिली. १३२ पानांपैकी १३१ पानांवर सही-शिक्का आहे, त्या एका पानावर नाही.

चूक माझी आहे. ती कुणावर ढकलायची नाही. संपूर्ण फाइल माझ्या डिजिटल सहीने बंद करूनच अपलोड झाली होती आणि माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ५ प्रमाणे त्या सहीला हाताच्या सहीइतकीच किंमत आहे, हे मला माहीत आहे. तरीही नियम कडक असेल आणि सगळ्यांना सारखा लावला असेल, तर मी निमूटपणे पुढच्या निविदेच्या तयारीला लागले असते. सोळा वर्षांत तसं अनेकदा केलंही आहे.

या वेळी दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात अर्ज केला. छाननी तक्त्याची झेरॉक्स मिळाली. आडवा कागद, डाव्या बाजूला अटी, पुढे तीन निविदाधारकांचे तीन रकाने. माझ्या रकान्यात सही-शिक्क्यासमोर फुली. शेजारच्या रकान्यात सनदी लेखापालाच्या उलाढाल प्रमाणपत्रासमोरही फुलीच होती, पण तिच्याभोवती गोल काढून बाजूला बारीक अक्षरात लिहिलं होतं: ‘त्रुटी पूर्तता करून घेतली. मान्य.’ सोबत ते प्रमाणपत्रही जोडलेलं होतं. त्यावरची तारीख निविदा भरण्याच्या अंतिम दिवसानंतर चार दिवसांची होती.

मग दोन्ही अटींची मूळ वाक्यं मी पुन्हा काढून शेजारी शेजारी ठेवली. उलाढालीची अट अशी: ‘मागील तीन वर्षांच्या वार्षिक उलाढालीचे सनदी लेखापालाचे प्रमाणपत्र जोडणे अनिवार्य राहील.’ सहीची अट अशी: ‘निविदेच्या प्रत्येक पानावर सही व शिक्का करावा.’

‘अनिवार्य राहील’ असं लिहिलेल्या अटीला चार दिवसांची सवलत मिळाली. ‘करावा’ असं लिहिलेल्या अटीवर निविदा बाद झाली. ज्यांना सवलत मिळाली त्या निविदाधारकाबद्दल माझी काहीही तक्रार नाही. त्यांच्याकडे कागद मागितला, त्यांनी दिला. माझ्याकडे कुणी सही मागितली असती तर सातपूरहून अर्ध्या तासात येऊन करून गेले असते.

माझा दर एका बाकाला ४,८५० रुपये होता. मंजूर झालेला दर ५,४३० रुपये. माझा दुसरा, दराचा लिफाफा उघडलाच नाही, त्यामुळे हा फरक समितीला दिसला नाही. ६२० बाकांवर तो ३ लाख ५९ हजार ६०० रुपये होतो. तेवढे पैसे सार्वजनिक तिजोरीतून जास्तीचे गेले, त्या गावांतल्या पोरांच्या वाट्याचे गेले. माझ्या चौदा माणसांना त्या महिन्यात ओव्हरटाइम मिळाला नाही ही माझी घरची गोष्ट. तीही सांगते, कारण ती खरी आहे.

आता तक्रारी.

पहिली तक्रार निविदेच्या भाषेची आहे, आणि तीच सगळ्यांत मोठी आहे, म्हणून तिच्यावर जरा थांबते. आपल्या निविदांत एकाच अटीसाठी किती क्रियापदं येतात पाहा. जोडावे. जोडणे आवश्यक आहे. जोडणे बंधनकारक राहील. जोडणे अपेक्षित आहे. शक्यतो जोडावे. जोडता येईल. मराठी बोलणाऱ्या कुणालाही या शब्दांमधला फरक कळतो. आईने ‘लवकर ये’ म्हटलं आणि ‘सातच्या आत आलंच पाहिजेस’ म्हटलं, यातला फरक लहान मूलसुद्धा ओळखतं. पण निविदेत हा फरक पाळला जात नाही. जुन्या फाइलमधून परिच्छेद उचलून नव्या फाइलमध्ये येतात, तीन वेगवेगळ्या निविदांचे तुकडे एका दस्तात बसतात, आणि प्रत्येक तुकडा आपापली क्रियापदं घेऊन येतो. त्यात सूचना मराठीत आणि सविस्तर दस्त इंग्रजीत असला की गोंधळ दुप्पट. इंग्रजी दस्तात ‘शॅल’ म्हणजे करायलाच हवं, ‘शूड’ म्हणजे करावं आणि ‘मे’ म्हणजे करता येईल. मी अशी निविदा पाहिली आहे जिथे इंग्रजीतल्या ‘शूड’चं मराठीत ‘बंधनकारक’ झालं होतं आणि दोन पानांनंतर ‘शॅल’चं ‘करावे’ झालं होतं. दोन्ही दस्तांत तफावत असेल तर कोणता ग्राह्य, याबद्दल अवाक्षर नव्हतं.

आणि या सगळ्यांवर शेवटच्या पानावरची दोन वाक्यं. एक: ‘वरीलपैकी कोणत्याही अटीची पूर्तता न झाल्यास निविदा नाकारण्यात येईल.’ दुसरं, बहुधा लगेच खाली: ‘किरकोळ स्वरूपाच्या त्रुटी माफ करण्याचा अधिकार समितीस राहील.’ पहिल्या वाक्याने निविदेतली प्रत्येक अट अनिवार्य होते. दुसऱ्याने त्यातली कोणतीही अट ऐच्छिक होऊ शकते. ‘किरकोळ’ म्हणजे काय ते कुठेच लिहिलेलं नसतं. मग कोणाला पहिलं वाक्य लावायचं आणि कोणाला दुसरं, हे ठरतं कधी? लिफाफे उघडल्यावर. कोणत्या निविदाधारकाकडे कोणता कागद कमी आहे हे समोर दिसत असताना.

हीच माझी दुसरी तक्रार. अट अनिवार्य की पूरक, हे ठरवण्याचा अधिकार आपलाच आहे, त्याबद्दल वाद नाही. सर्वोच्च न्यायालयाने तो वारंवार मान्य केला आहे. पण तो वापरायचा कधी आणि कसा, हेही त्याच न्यायालयाने सांगितलं आहे. मी वकील नाही. पण धंद्यावर गदा आली की माणूस निकाल वाचायला शिकतो.

१९७९ चा रमणा शेट्टी खटला घ्या. मुंबईच्या विमानतळावर दुसऱ्या वर्गाचं एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार चालवायला द्यायचे होते. अट होती की निविदाधारक नोंदणीकृत दुसऱ्या वर्गाचा हॉटेल व्यावसायिक असावा आणि त्याला किमान ५ वर्षांचा अनुभव असावा. ज्याची निविदा मंजूर झाली तो त्या अटीत बसत नव्हता. न्यायालय म्हणालं की सार्वजनिक संस्थेने स्वतः ठरवलेला निकष तिच्यावरही बंधनकारक असतो. त्यामागचं कारण मला फार महत्त्वाचं वाटतं. अट शिथिल होणार आहे हे आधी माहीत असतं तर आणखी कितीतरी जणांनी निविदा भरली असती. अट वाचून, आपण बसत नाही म्हणून, प्रामाणिकपणे घरी बसलेल्या माणसाचा विचार न्यायालयाने केला. आपल्या छाननी तक्त्यात त्या माणसासाठी रकाना नसतो. उलाढाल पुरत नाही म्हणून बाकांची ती निविदा न भरलेले अंबडमधले दोन कारखानदार मला माहीत आहेत.

पण त्याच खटल्यात पुढे काय झालं तेही सांगायला हवं. तत्त्व मान्य झालं आणि याचिका मात्र फेटाळली गेली. याचिकाकर्ता उशिरा आला होता, त्याचं स्वतःचं हितही त्यात फारसं नव्हतं, आणि मंजुरी मिळालेल्याने तोवर खर्च करून काम सुरू केलं होतं.

१९९१ चा पोद्दार स्टील खटला याच प्रश्नाची दुसरी बाजू दाखवतो. वाराणसीच्या डिझेल लोकोमोटिव्ह वर्क्सने भंगार विकायला काढलं होतं. बयाणा रोख किंवा स्टेट बँकेच्या डिमांड ड्राफ्टने भरायचा होता. एकाने युनियन बँकेचा, बँकेनेच प्रमाणित केलेला चेक दिला. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निविदेतल्या अटी दोन प्रकारच्या असतात: पात्रतेच्या मूळ अटी, आणि त्या मूळ हेतूला पूरक अशा अटी. पहिल्या काटेकोर पाळायच्या. दुसऱ्यांच्या बाबतीत योग्य प्रसंगी ताठरपणा सोडता येतो. बयाण्याचा हेतू पैसा हातात असणं हा होता, आणि पैसा हातात होता.

माझ्या पान ४७ चा हेतू काय होता? निविदेतला मजकूर मी वाचला आहे, मला मान्य आहे, आणि मागाहून पान बदललं जाणार नाही, याची खात्री. ती खात्री डिजिटल सहीने आधीच दिली होती. आणि उलाढालीच्या प्रमाणपत्राचा हेतू? अंतिम तारखेला या कारखान्याची ऐपत काय होती हे सिद्ध करणं. ते सिद्ध करणारा कागद त्या तारखेला तयारच नव्हता. कोणती अट मूळ आणि कोणती पूरक, हे समजायला यापुढे कायद्याचं ज्ञान लागत नाही.

२०१६ मध्ये सेंट्रल कोलफील्ड्सच्या खटल्यात न्यायालय आणखी पुढे गेलं. अट अत्यावश्यक आहे की नाही, हे निविदा काढणाऱ्याने ठरवायचं आणि न्यायालयाने त्याचा आदर करायचा, असं तिथे म्हटलं आहे. पण अत्यावश्यक अटीपासून हटायचं असेल तर ती सवलत सगळ्या निविदाधारकांना आणि निविदा भरू शकले असते त्यांनाही लागू व्हायला हवी, असंही त्याच निकालात आहे. अर्धा निकाल आपल्या बाजूचा, अर्धा आमच्या. आपली कार्यालयं फक्त पहिला अर्धा वाचतात.

‘अन्याय झाला असेल तर कोर्टात जा’, असं मला त्या कार्यालयात शांतपणे सांगितलं गेलं. जावं कसं? आमचं उच्च न्यायालय मुंबईत. सकाळची पंचवटी एक्स्प्रेस पकडायची, वकिलाची फी, तारखा, आणि कारखाना कोणावर सोडायचा? आणि गेलं तरी काय पदरात पडेल? १९९४ च्या टाटा सेल्युलर निकालापासून न्यायालयं निर्णय बरोबर की चूक हे बघत नाहीत, निर्णय घेण्याची पद्धत बघतात. नागपूर मेट्रोच्या २०१६ च्या खटल्यात सांगितलं गेलं की निविदेचा अर्थ लावायला ती लिहिणाराच सर्वांत योग्य. २०२२ च्या एन. जी. प्रोजेक्ट्स निकालात न्यायालयांना सांगितलं आहे की सार्वजनिक कामांना स्थगिती देताना हात आखडता घ्यावा. या निकालांमागची कारणं मला पटतात. पाण्याची टाकी, रस्ता, शाळेची बाकं, ही कामं दोन निविदाधारकांच्या भांडणात अडकून पडू नयेत. पण मग एक गोष्ट आपण ओळखावी. न्यायालयाने अर्थ लावण्याचं काम आपल्यावर सोपवलं आहे. माझ्यासारखीसाठी आपली समिती हीच पहिली पायरी आणि तीच शेवटची. त्या खुर्चीवर बसून तक्ता भरताना हे लक्षात असायला हवं.

तिसरी तक्रार करण्याआधी आपल्या बाजूचंही बोलते, कारण ती बाजू मी जवळून पाहिली आहे. त्या कार्यालयातल्या एका जुन्या लिपिकांनी मला चहा देऊन सांगितलं, ‘ताई, तुमचं पान सोडलं असतं तर ऑडिटला उत्तर मी दिलं असतं. माझी दोन वर्षं राहिलीत.’ त्यांच्या डोळ्यांत खोटेपणा नव्हता. लेखापरीक्षणाचा आक्षेप, निनावी तक्रारी, दक्षता चौकशी, निवृत्तिवेतन अडकण्याची भीती, हे सगळं खरं आहे. त्यामुळे समितीतला माणूस सुरक्षित वाट शोधतो. पण भीती असेल तर ती दोन्ही रकान्यांत सारखी हवी होती. आणि या भीतीवरचा इलाज आपल्याच हातात आहे. निविदेतच लिहून ठेवा की अमुक त्रुटी दुरुस्त होऊ शकते आणि अमुक नाही. मग लिपिकाला स्वतःच्या जबाबदारीवर काहीच सोडावं लागणार नाही आणि ऑडिटला दाखवायला लेखी आधार राहील. मला हवा असलेला नियम त्या लिपिकांनाही तितकाच हवा आहे.

तिसरी तक्रार करारानंतरची. निविदेत एक अट होती: ‘पुरवठ्यापूर्वी नमुना बाकाची तपासणी बंधनकारक राहील, पाइपची जाडी, प्लायचा दर्जा व वेल्डिंग तपासून अहवाल नस्तीत ठेवावा.’ चांगली अट आहे. बाकाच्या पायाला पातळ पाइप वापरला तर दोन वर्षांत सांधा तुटतो आणि बाकावर तिघं बसलेली असताना ते एका बाजूला झुकतं. लहान मुलाचं बोट त्या सांध्यात सापडलेलं मी दुरुस्तीच्या कामात पाहिलं आहे. म्हणून तपासणी अहवाल मागितला. उत्तर आलं: ‘सदर अभिलेख उपलब्ध नाही.’

बाकं वाईट आहेत असं मी म्हणत नाही. ती मी तपासलेली नाहीत. मी म्हणते की ‘बंधनकारक’ हा शब्द निविदा भरणाऱ्याला बाद करताना पोलादासारखा होता आणि काम देऊन झाल्यावर तो कुणाला आठवलाही नाही. करारातली अट कार्यालयावरही असते. तपासणी करणं हे पुरवठादाराचं काम नव्हतं, कार्यालयाचं होतं.

चौथी तक्रार निविदापूर्व बैठकीची, ती थोडक्यात. त्या बैठकीत मी लेखी विचारलं होतं: ‘संपूर्ण दस्त डिजिटल सहीने अपलोड होत असताना प्रत्येक पानावर शाईची सही नसल्यास निविदा बाद होईल का?’ लेखी उत्तर मिळालं: ‘निविदेतील अटीनुसार राहील.’ हे उत्तर आपल्या जिल्ह्यातल्या बैठकांच्या इतिवृत्तांत मी इतक्या वेळा वाचलं आहे की प्रश्न विचारण्याआधीच ते माहीत असतं. निविदेतली अट कळली नाही म्हणून तर माणूस विचारायला येतो.

हे सगळं आजच लिहिण्याचं कारण सिंहस्थ आहे. ३१ ऑक्टोबर २०२६ ला ध्वजारोहण आहे, २०२७ च्या ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये अमृतस्नानं आहेत. रस्ते, घाट, साधुग्राम, शौचालयं, बॅरिकेड, दिवे, तंबू यांच्या निविदा या शहरात निघत आहेत आणि निघत राहतील. वेळ कमी असल्याने त्यांतल्या अनेक अल्प मुदतीच्या असतील, हेही समजू शकते. पण मुदत कमी असली की घाईत जुन्या अटी चिकटवल्या जातात, शुद्धिपत्रकं शेवटच्या दिवशी येतात, आणि ‘वेळ नव्हता’ हे कारण त्रुटी माफ करायलाही चालतं आणि निविदा बाद करायलाही. २००३ आणि २०१५ च्या सिंहस्थातही नाशिकच्या लहान कारखान्यांनी काम केलं आहे. नानांनी २००३ मध्ये लोखंडी बॅरिकेड बनवली होती. रामकुंडाकडे जाणाऱ्या गर्दीला त्यातलं एकेक बॅरिकेड कसं टेकून उभं होतं, हे ते आजही हात पसरून दाखवतात. या वेळीही ते काम आम्हाला हवं आहे. मेहेरबानी नको, स्पर्धेत उभं राहण्याची जागा हवी. जागा सरळ असेल तर हरायलाही हरकत नाही.

म्हणून मागण्या. त्यांतल्या कोणत्याही मागणीसाठी नवा कायदा लागत नाही, की जादा पैसा.

प्रत्येक निविदेच्या सुरुवातीला एक तक्ता द्या. एका बाजूला अट, दुसऱ्या बाजूला तिच्यासाठी लागणारा कागद, आणि तिसऱ्या रकान्यात स्पष्ट लिहा: नसल्यास निविदा बाद, किंवा नसल्यास अमुक दिवसांत पूर्तता. बयाणा, अनुभव, उलाढाल, नोंदणी यांना खुशाल पहिल्या प्रकारात ठेवा. मी त्यासाठी भांडणार नाही. पण तक्त्यात जे नाही त्यावरून कुणाला बाद करू नका आणि तक्त्यात जे बाद म्हणून लिहिलं आहे ते कुणालाही माफ करू नका. शेवटच्या पानावरची ती दोन वाक्यं काढून टाका.

‘करावे’, ‘आवश्यक’, ‘बंधनकारक’, ‘अपेक्षित’ या शब्दांचे आपल्या निविदेपुरते अर्थ एका परिच्छेदात लिहा आणि मराठी-इंग्रजीत फरक पडला तर कोणता मजकूर ग्राह्य तेही लिहा.

पूर्तता करून घ्यायची तर ती सगळ्या निविदाधारकांकडून एकाच दिवशी, एकाच मुदतीत, पोर्टलवर सूचना टाकून घ्या. फोनवरून नको. आणि कोणता कागद मागाहून चालेल याचा एक सरळ निकष केंद्रीय अर्थ मंत्रालयाच्या वस्तू खरेदीच्या मार्गदर्शिकेत आहे: निविदा उघडण्याच्या वेळी जो कागद अस्तित्वात होता आणि नंतर ज्यात बदल झालेला नाही, तोच मागावा. पुरवठा आदेश जोडला आणि त्याचं पूर्तता प्रमाणपत्र राहिलं, तर प्रमाणपत्र मागता येतं. पात्र ठरवण्यासाठी नवा पुरवठा आदेश मागता येत नाही. राज्याच्या कार्यालयांसाठी १ डिसेंबर २०१६ च्या शासन निर्णयाने आलेली स्वतंत्र खरेदी नियमपुस्तिका आहे, हे मला माहीत आहे. पण हा निकष आपल्या निविदेत एक अट म्हणून लिहायला कुणाची हरकत असेल असं वाटत नाही. तो लिहिलेला असता तर माझी सही चालली असती आणि चार दिवस उशिराचं प्रमाणपत्र चाललं नसतं.

पहिल्या लिफाफ्याचा छाननी तक्ता, कारणांसह, दुसरा लिफाफा उघडण्याआधी पोर्टलवर टाका आणि आक्षेपासाठी किमान तीन कामाचे दिवस द्या. काम सुरू झाल्यावर माहिती अधिकारात मिळालेल्या झेरॉक्सचा उपयोग फक्त पत्र लिहायला होतो.

निविदापूर्व बैठकीतल्या प्रश्नाला ‘निविदेतील अटीनुसार’ हे उत्तर देणं बंद करा.

आणि करारात ज्या तपासण्या बंधनकारक लिहिल्या आहेत त्यांचे अहवाल, देयक मंजूर करण्याआधी, पोर्टलवर टाका. अहवाल नसेल तर देयक थांबवा. हे मला काम मिळालं तर माझ्यावरही लावा, आणि आधी माझ्यावर लावा.

ज्या निविदेत माझं पान ४७ राहिलं, ती परत उघडा असं मी म्हणत नाही. बाकं पोचली आहेत, मुलं त्यांवर बसली आहेत. ती उचलून आणावीत असं माझ्या मनात कधी आलं नाही. पेन्सिलीने लिहिलेलं ते पान मात्र माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे. टेंपोवाले काका आले की त्यावर बोट ठेवून अजून विचारतात, ‘या गावाला कोणाची गाडी गेली असेल?’

पुढच्या महिन्यात आपल्यापैकी एका कार्यालयाची निविदापूर्व बैठक आहे. मी येणार आहे. प्रत्येक पानावरच्या सहीबद्दलचा तोच प्रश्न, त्याच शब्दांत, लेखी घेऊन येणार आहे. त्याखाली ‘होय, बाद होईल’ किंवा ‘नाही, पूर्तता करता येईल’ यांपैकी एक ओळ लिहून, सही करून द्यावी.

आपली,
सातपूरची एक निविदाधारक

(सहीची प्रत सर्व संबंधित कार्यालयांच्या आवक विभागात स्वतंत्रपणे दिली आहे.)